मोती नक्की बघतो कुणाकडे?

तुमच्या ऑफिसमधल्या सगळ्यात टणक माणसाला एकदा गाठा. तोच, जो अप्रेझलच्या मीटिंगमध्ये समोरच्याच्या डोळ्यांत पाणी आलं तरी एक्सेल शीटवरून नजर हलवत नाही. चहाच्या मशीनपाशी त्याला सहज विचारा, "सर, सिनेमा बघताना शेवटचं कधी रडलात?" आधी तो हसण्यावारी नेईल. मग इकडेतिकडे बघेल आणि आवाज खाली आणून सांगेल, "लहानपणी. तेरी मेहरबानियाँ."

मी हा प्रयोग तीन ऑफिसांमध्ये केलाय. उत्तर जवळजवळ ठरलेलं असतं. एमबीए असो, इंजिनीअर असो, आई वारली तेव्हाही चारचौघांत न रडलेला असो, कुत्र्यापुढे सगळे सारखे.

ज्यांचा जन्म नंतरचा, त्यांच्यासाठी थोडी माहिती. 'तेरी मेहरबानियाँ' १९८५ साली आला. निर्माते के. सी. बोकाडिया, दिग्दर्शक विजय रेड्डी, संगीत लक्ष्मीकांत-प्यारेलाल. हिरो जॅकी श्रॉफ, हिरॉइन पूनम धिल्लाँ आणि समोर अमरीश पुरी, आपले सदाशिव अमरापूरकर अशी तगडी दुष्ट मंडळी. जॅकीचा खून होतो आणि त्याचा सूड घेतो मोती, म्हणजे त्याचा कुत्रा. एकेका खलनायकाला गाठून, शिस्तीत. ज्या हिंदी सिनेमात 'कुत्ता' ही हिरोची सगळ्यात आवडती शिवी, त्याच सिनेमात हे घडलं. मोतीचं काम केलं होतं ब्राउनी नावाच्या कुत्र्यानं. जॅकीची फिल्मोग्राफी कुणीही धडाधडा म्हणून दाखवेल, पण 'ब्राउनी' हे नाव मी दहा जणांना विचारलं तर दहाही जण म्हणाले, "म्हणजे तो मोती ना?"

मी हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला तो राळेगाव तालुक्यातल्या आमच्या गावी, नव्वदच्या दशकात. यवतमाळ जिल्हा म्हटलं की पुण्या-मुंबईच्या लोकांना दोनच गोष्टी आठवतात. एक कापूस आणि दुसरी, त्या कापसापायी येणाऱ्या वाईट बातम्या. तिसरी मी सांगते: देवी. आमच्या जिल्ह्यात नवरात्रातला दुर्गोत्सव एवढा मोठा असतो की गणपती त्याच्यापुढे धाकटा भाऊ वाटावा. गावातली पोरं वर्गणीतून उरलेल्या पैशांत एक रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर भाड्यानं आणायची आणि देवीच्या मंडपासमोर रात्रभर तीन पिक्चर चालायचे. पहिला देवाधर्माचा, म्हाताऱ्यांसाठी. दुसरा मारामारीचा, पोरांसाठी. तिसरा जो हाती लागेल तो.

त्या वर्षी तिसरा हा निघाला. रात्री दीड वाजता सगळा मंडप मुसमुसत होता. बायका पदर तोंडाशी धरून, माणसं उगाच बिडी पेटवत. माझी आजी तर आवाज करून रडत होती. रडत नव्हते फक्त आबाजी. बाजेवर मांडी घालून ते डोळे बारीक करून टीव्हीकडे बघत होते, बैलबाजारात बैल बघतात तसे. आणि मग मोठ्यानं म्हणाले, "हे कुत्रं त्या हिरोकडं पाहूनच नाही रायलं बाप्पा. याचा मालक बाजूले उभा हाये कुठीतरी."

आजी वैतागून म्हणाली, "गुमान बसा ना वो, पाहू द्या लोकायले."

आबाजी बसले. पण त्यांचं ते वाक्य माझ्या डोक्यात तसंच राहिलं.

आबाजींना कुत्र्यांची नजर कळायची, कारण त्यांचं अर्धं आयुष्य जागलीत गेलं होतं. जागल म्हणजे काय हे शहरात सांगावं लागतं. वावरात पऱ्हाटी-तूर उभी असली की रात्री रानडुकरं आणि रोही येतात. एका रात्रीत वर्षाची मेहनत झोपवून जातात. म्हणून शेतकरी रात्री वावरात मचाणावर बसतो, मधूनमधून हाका देतो, डबा वाजवतो. सोबत कंदील, काठी आणि कुत्रा. आमच्याकडच्या कुत्र्याचं नाव मोत्या. खरं तर 'मोत्या' हे आमच्या घरी नाव नव्हतंच, ती पोस्ट होती. एक मोत्या गेला की गावातलं एखादं चुणचुणीत पिल्लू त्या पोस्टवर रुजू व्हायचं. पगार: सकाळ-संध्याकाळ भाकरी. ड्यूटी: नाइट शिफ्ट. वीकली ऑफ: नाही.

काळोखात कुत्र्याची मान कुठे वळली यावरून आबाजी सांगायचे की डुक्कर नाल्याकडून येतंय की जंगलाकडून. कान उभे आहेत की मागे पडलेत यावरून, ते एकटं आहे की कळप. असा माणूस टीव्हीवरच्या कुत्र्याची नजर वाचणार नाही तर काय!

आता पंचवीस-तीस वर्षं पुढे या. मी मुंबईत जाहिरात फिल्म्स बनवणाऱ्या एका कंपनीत काम करते. ग्लॅमरस वाटतं ना? माझं काम म्हणजे शूट जुळवून आणणं. लोकेशन, परवानग्या, व्हॅनिटी, शंभर माणसांचा नाश्ता आणि आर्टिस्टच्या तारखा. काही वर्षांपूर्वी एका फिल्ममध्ये कुत्रा होता. प्रसंग साधा: लहान मुलगी बोर्डिंगला निघालीय, कुत्रा दारात बसून तिच्याकडे बघतोय. डायरेक्टरला कुत्र्याच्या चेहऱ्यावर 'विरह' हवा होता. त्यानं ब्रीफमध्ये तसं लिहिलंच होतं.

कुत्रा आला, सोबत त्याचा ट्रेनर. चाळिशीचा, बारीक अंगाचा, कमरेला एक कापडी पिशवी. पिशवीत उकडलेल्या चिकनचे नखाएवढे तुकडे. त्यानं आधी सेटवर सगळीकडे कुत्र्याला हुंगत फिरू दिलं, लाइट सुरू करायला लावले, बंद करायला लावले, क्लॅपचा आवाज चार वेळा ऐकवला. मग जमिनीवर टेपचा तुकडा चिकटवला. त्या टेपवर बसायचं, एवढं कुत्र्याला समजलं. मुलगी निघाली, कॅमेरा सुरू झाला आणि ट्रेनर कॅमेऱ्याच्या डाव्या अंगाला, मुलीच्या खांद्यामागे, गुडघ्यांवर बसला. उघडा तळवा समोर, म्हणजे थांब. मग हळूच मूठ मिटली आणि ती मूठ तो इंच-इंच बाजूला नेऊ लागला. कुत्र्याची नजर मुठीमागे. मान किंचित कलली. कान खाली आले.

"कट!" मॉनिटरसमोर बसलेल्या क्लायंटच्या बाईंनी डोळे पुसले. मुलगी खरंच निघून चाललीय आणि तिचा कुत्रा तुटून तिच्याकडे बघतोय, असंच मॉनिटरवर दिसत होतं. मी मात्र मॉनिटरच्या बाहेर उभी होते. मला सगळंच दिसत होतं. आबाजी म्हणाले होते तो बाजूला उभा असलेला मालक मला त्या दिवशी भेटला.

यात फसवणूक आहे का? असेल तर ती सिनेमाइतकीच जुनी आहे. रशियात लेव्ह कुलेशॉव्ह नावाच्या दिग्दर्शकानं शंभरेक वर्षांपूर्वी एक प्रयोग केला. एका नटाचा एकच निर्विकार चेहरा घेतला. त्याच्यापुढे कधी सूपची वाटी जोडली, कधी शवपेटी. लोक म्हणाले, वा, भूक काय दाखवलीय, दुःख काय दाखवलंय! चेहरा तोच होता. मोतीचंही तेच. मोतीचा क्लोज-अप, मग जळती चिता, पुन्हा मोतीचा क्लोज-अप. दुःख आपण आपल्या खिशातून काढतो आणि कुत्र्याच्या चेहऱ्यावर ठेवतो. अभिनय अर्धा त्याचा, अर्धा आपला.

पण उरलेला अर्धा, म्हणजे जागेवर बसणं, सांगितलेल्या क्षणी नजर वळवणं, गोंगाटात न बिथरणं, ते काम खरंच आहे. आणि त्या कामाला करिअर म्हणावं इतकी त्याची मोठी परंपरा आहे. १९०५ साली इंग्लंडमध्ये सेसिल हेपवर्थनं 'रेस्क्यूड बाय रोव्हर' नावाची काही मिनिटांची फिल्म केली. पळवून नेलेल्या बाळाला घरचा कुत्रा शोधून काढतो, एवढीच गोष्ट. कुत्रा घरचाच, नाव ब्लेअर. बाळ हेपवर्थचंच, आई झालेली बाई म्हणजे त्याची बायको. कमी बजेटचा फॅमिली प्रोजेक्ट म्हणा ना! फिल्म इतकी खपली की प्रती काढून काढून निगेटिव्ह झिजली आणि सगळी फिल्म पुन्हा शूट करावी लागली. एकदा नव्हे, दोनदा. ब्लेअर पुन्हा पुन्हा तेच धावला, तेच पोहला. रीटेकचा कंटाळा येणाऱ्या नटांनी नोंद घ्यावी.

मग आला रिन टिन टिन. पहिल्या महायुद्धात, १९१८ साली, ली डंकन नावाच्या अमेरिकन सैनिकाला फ्रान्समध्ये बॉम्बनं उद्ध्वस्त झालेल्या कुत्र्यांच्या एका तळावर हे नुकतं जन्मलेलं जर्मन शेफर्ड पिल्लू सापडलं. १९२३ पासून ते वॉर्नर ब्रदर्सचं हुकमी नाणं झालं. तेव्हा सिनेमे मूक होते, त्यामुळे ट्रेनर सेटवर हवं तितकं ओरडू शकत होता. 'बस!', 'उडी मार!', 'भुंक!' काहीही बोला, पडद्यावर कुणाला ऐकू येणार? १९२७ साली बोलपट आला आणि सगळंच बदललं. १९२९ साली वॉर्नरनं रिन टिन टिनचा करार संपवला. आता बोलणाऱ्यांचे दिवस आहेत आणि कुत्रे काही बोलत नाहीत, असा साधारण सूर होता. टेक्नॉलॉजी बदलली आणि एका सुपरस्टारची नोकरी गेली. कुठेतरी ऐकल्यासारखं वाटतंय ना?

पण ज्यांना टिकायचं होतं त्यांनी नवं स्किल शिकून घेतलं. कार्ल स्पिट्झ नावाचा जर्मनीहून आलेला ट्रेनर हॉलिवूडमध्ये होता. त्यानं कुत्र्यांना आवाजाऐवजी हाताच्या खुणांवर तयार केलं. मी सेटवर पाहिलेला तो उघडा तळवा आणि ती मिटलेली मूठ त्याच घराण्यातली. स्पिट्झची सगळ्यात नावाजलेली विद्यार्थिनी टेरी, एक लहानशी केर्न टेरिअर. १९३९ सालच्या 'द विझार्ड ऑफ ओझ'मध्ये डोरोथीच्या टोपलीत बसणारा टोटो म्हणजे ही टेरी. हो, टोटो मुलगी होती.

टेरीचा बायोडेटा एचआरच्या भाषेत मांडला तर असा होईल. जन्म १९३३. स्वभाव बुजरा. घरात शिस्त लागत नाही म्हणून मालकांनी शिकवायला स्पिट्झकडे ठेवली, फी काही भरली नाही, त्यामुळे ती तिथेच राहिली. पहिलं नाव कमावलेलं काम १९३४ साली शर्ली टेंपलबरोबर. 'ओझ'साठी मानधन आठवड्याला १२५ डॉलर, जे त्याच सिनेमात बुटक्या माणसांच्या भूमिका करणाऱ्या कित्येक कलाकारांपेक्षा जास्त होतं असं सांगतात. कामावर असताना दुखापत: एका पहारेकऱ्याचा पाय तिच्या पंजावर पडला आणि तिला काही दिवस सुट्टी घ्यावी लागली. सिनेमा इतका गाजला की पुढे तिचं खरं नावच बदलून टोटो केलं गेलं. मृत्यू १९४५. पुरलं स्पिट्झच्याच जागेत. १९५८ साली तिथून हायवे गेला आणि थडगंही गेलं. २०११ साली चाहत्यांनी हॉलिवूडच्या दफनभूमीत तिचं स्मारक उभारलं.

मला यातली सगळ्यात बोचरी गोष्ट हायवेची नाही वाटत, नावाची वाटते. भूमिकेनं कलाकाराचं नाव गिळून टाकलं. ब्राउनीचं मोती झालं तसंच.

लॅसीची कथा तर आणखी मजेदार. १९४३ सालच्या 'लॅसी कम होम'मधली ती गुणी कुत्री म्हणजे पॅल नावाचा कुत्रा. ट्रेनर रड वेदरवॅक्सकडे तो दहा डॉलरच्या उधारीपोटी आला होता. म्हणजे टेरी आणि पॅल, हॉलिवूडमधल्या दोन मोठ्या करिअर्सची सुरुवात कुणीतरी बिल बुडवल्यामुळे झाली! पॅलला आधी फक्त पूर आलेल्या नदीच्या स्टंटसाठी घेतलं होतं. त्यानं ते काम इतकं झकास केलं की मुख्य भूमिकाच मिळाली. त्याच्यानंतर लॅसीचं काम त्याच्या मुलांनी आणि नातवंडांनी केलं. म्हणजे लॅसीसुद्धा पोस्टच, आमच्या मोत्यासारखी.

आपल्याकडे या पोस्टला मान नव्हता असं नाही. माहूर आमच्या जिल्ह्याला अगदी लागून. तिथल्या दत्ताला गेलेल्या प्रत्येक घरात एक तसबीर असते आणि दत्ताच्या पायाशी चार कुत्रे. महाभारतात शेवटच्या प्रवासात भाऊ आणि बायको वाटेत पडतात, कुत्रा मात्र युधिष्ठिराच्या सोबत असतो. याला सोडून मी स्वर्गात येणार नाही, असं युधिष्ठिर इंद्राला सांगतो. तो कुत्रा खरं तर धर्म असतो. इतकी मोठी भूमिका देऊनही व्यासांनी कुत्र्याला नाव दिलेलं नाही. तेव्हापासूनच ही परंपरा दिसते!

हिंदी सिनेमानं ती पुढे नेली. १९९४ सालच्या 'हम आपके हैं कौन'मध्ये टफीनं क्रिकेटची अंपायरिंग केली आणि माधुरीची सलमानसाठीची चिठ्ठी मोहनीश बहलकडे नेऊन अख्ख्या सिनेमाचा शेवट फिरवला. टफी झालेल्या कुत्र्याचं नाव रेडो. पुढची दोन-चार वर्षं आमच्या तालुक्यात प्रत्येक पांढऱ्या कुत्र्याचं नाव टफी होतं. मग २००३ साली हचची जाहिरात आली. गोव्यात शूट झालेली, छोट्या मुलाच्या मागे मागे फिरणारा पग, नाव चीका. डायलॉग नाही, स्टंट नाही, फक्त मागे चालणं. आमच्या धंद्यात आजही ब्रीफ देताना लोक म्हणतात, "हचसारखं काहीतरी." २००७ साली कंपनी वोडाफोनची झाली तरी कुत्रा तोच राहिला. आणि देशभर पगचा खप वाढला.

इथे जरा हसू आवरा. पगचं नाक चपटं, त्यामुळे श्वास अडकतो. अंगातली उष्णता बाहेर टाकायला कुत्र्याला धापा टाकाव्या लागतात आणि पगला नेमकं तेच नीट जमत नाही. यवतमाळच्या मे महिन्यात पारा पंचेचाळीसला टेकतो तेव्हा गावठी कुत्रीसुद्धा रांजणाखालच्या ओल्या मातीत पोट टेकून पडतात. अशा गावात माझ्या ओळखीच्या एका घरानं 'हचवाला कुत्रा' आणला. दोन उन्हाळे कूलरसमोर काढले, तिसऱ्यात तो गेला. जाहिरातीतला कुत्रा आयुष्यभर मुलामागे चालत राहिला. त्याला बघून आणलेले कितीतरी कुत्रे चार पावलांत धापा टाकत बसले. पडद्यावरच्या कुत्र्याच्या करिअरची अशीही किंमत असते आणि ती भलतेच कुत्रे मोजतात.

पडद्यावरच्या कुत्र्यांसाठी आता नियम तरी आहेत. प्राण्यांना क्रूरपणे वागवण्याविरुद्धचा कायदा १९६० चा आहे. पडद्यावर काम करणाऱ्या प्राण्यांच्या नोंदणीचे नियम २००१ साली आले. सिनेमाच्या सुरुवातीला 'कोणत्याही प्राण्याला इजा झालेली नाही' अशी पाटी येते आणि आपण तेव्हा पॉपकॉर्न उघडत असतो. त्या एका पाटीमागे अर्ज, डॉक्टरांचा दाखला, फोटो आणि माझ्यासारख्या कुणाची तरी उडालेली झोप असते. कटकट आहे, पण मला ही कटकट आवडते. जुन्या सिनेमांत घोडे ज्या पद्धतीनं पडतात ते आज बघवत नाही.

नियम झाले तरी एक प्रश्न उरतोच: काम मिळतं कुणाला? आमच्याकडे क्लायंटची यादी ठरलेली असते. लॅब्रेडॉर, गोल्डन रिट्रीव्हर, बीगल. एकदा मी एका स्क्रिप्टसाठी गावठी कुत्रा सुचवला. शेतातलं घर, शेतकरी बाप, शहरातून परतलेला मुलगा, अशी गोष्ट होती. समोरून उत्तर आलं, "ऑथेंटिक हवंय, पण इतकं ऑथेंटिक नको." शेवटी त्या शेतात गोल्डन रिट्रीव्हर बसला. सकाळी शाम्पू केलेला.

मला तेव्हा २०१८ आठवलं. त्या वर्षी आमच्या राळेगाव-पांढरकवडा भागात टी-वन म्हणजे अवनी वाघिणीची दहशत होती. तेरा माणसांचे जीव तिच्या नावावर लावले गेले होते. तिला शोधायला हत्ती आले, ड्रोन आले आणि ऑक्टोबरच्या सुमारास गोल्फपटू ज्योती रंधावा यांचे केन कोर्सो जातीचे दोन भारदस्त कुत्रेही आले. न्यूज चॅनेलवाल्यांनी त्यांना हिरोसारखं दाखवलं. त्यांचा दोष काहीच नव्हता, त्यांनाही कुणीतरी आणलं म्हणूनच ते आले होते. शेवटी २ नोव्हेंबरच्या रात्री वाघीण गोळी लागून मेली. मी फोन केला तेव्हा काका म्हणाले, "आमचा मोत्या रोज माह्या संगं वावरात जाऊन रायला, त्याचा फोटो नाही काढला कोणी." काका हे हसत म्हणाले. पण त्या दिवसांत वावरात जाणं म्हणजे काय होतं, हे त्यांनाही ठाऊक होतं आणि मलाही. त्या मोत्याला कुणी क्लोज-अप दिला नाही. संध्याकाळ झाली की तो उठायचा, अंग झटकायचा आणि काकांच्या दोन पावलं पुढे चालायचा.

आबाजी त्याआधीच गेले होते. ते गेले तेव्हा गावातल्या बायका मला सांगायच्या, "पाह्य, मोत्या आता जेवणार नाही. तिथंच बसून राहीन." सगळ्यांनी तो सिनेमा पाहिला होता ना! मीही मनातून वाट बघत होते. पण मोत्या जेवला. दोन दिवस बाजेखाली झोपला, तिसऱ्या संध्याकाळी उठून काकांच्या मागे जागलीला गेला. मला तेव्हा राग आला होता. आता वाटतं, निष्ठेचा सीन आपल्याला हवा असतो, कुत्र्याला त्याची गरज नसते. पीक उभं होतं, डुकरं येणार होती आणि आबाजींनी त्याला हेच शिकवलं होतं.

म्हणूनच मला मोतीच्या त्या नजरेबद्दल आता फसल्यासारखं वाटत नाही. ब्राउनी पडद्यावर जॅकीसाठी व्याकूळ झाला नसेल. पण ती नजर खोटी नव्हती. जिथे ती जात होती तिथे कुणीतरी खराच उभा होता, ज्यानं त्याला महिनोन् महिने भरवलं, शिकवलं आणि लाइट-कॅमेऱ्याच्या जंजाळात 'मी आहे' एवढा भरवसा दिला. आपण रडलो ते बरोबरच होतं. फक्त आपल्याला वाटलं होतं त्या माणसासाठी नव्हे, तर ज्याचा चेहरा कधी फ्रेममध्ये आलाच नाही त्याच्यासाठी. आणि खरं सांगा, ऑफिसात प्रेझेंटेशन देताना आपणही समोरच्या बॉसकडेच बघत असतो का? माझी नजर तर कितीदा गावाकडे, बाजेवर बसलेल्या एका माणसाकडे जाऊन येते.

तेव्हापासून मी कामात एक छोटी सवय लावून घेतलीय. शूटच्या कॉलशीटमध्ये कलाकारांच्या यादीत पूर्वी नुसतं 'डॉग – १' असं लिहिलं जायचं. आता मी कुत्र्याचं खरं नाव लिहिते आणि त्याच्या पुढच्याच रकान्यात ट्रेनरचं. गेल्या महिन्यात अशाच एका यादीवरून अकाउंट्समधून फोन आला.

"मॅडम, आर्टिस्ट नंबर चार, शेरू. याचं पॅन कार्ड आलेलं नाही. पेमेंट अडकेल."

मी म्हटलं, "पेमेंट ट्रेनरच्या नावानं काढा. शेरूनं त्याचं सेटवरच घेतलंय. उकडलेल्या चिकनमध्ये, टीडीएस न कापता."